कीर्तनातलं बेदर: एका दिवसाची सहल



बेदर हे नाव आपल्यापैकी बहुतेकींनी पहिल्यांदा कीर्तनात ऐकलं असेल. मंगळवेढ्याच्या दामाजीपंतांनी दुष्काळात सरकारी कोठार उघडलं, भुकेल्यांना धान्य वाटलं आणि बेदरच्या बादशहाचं बोलावणं आलं. मग पांडुरंग विठू महाराचं रूप घेऊन बेदरला गेला, धान्याचे पैसे भरले आणि पावती घेऊन आला. दुसरी गोष्ट कान्होपात्रेची. तीही मंगळवेढ्याचीच. बेदरच्या बादशहानं तिला महालात आणायला माणसं पाठवली, तेव्हा ती पंढरपूरला विठ्ठलाच्या पायाशी गेली आणि तिथंच तिनं देह ठेवला.

दोन्ही गोष्टींत बेदर कुठंतरी लांब आहे. तिथून फक्त हुकूम येतो. पण लातूर-नांदेडच्या आपल्या लोकांना ते लांब नाही. तेच आजचं बीदर. लातूर रोडहून विकाराबादकडे जाणाऱ्या रेल्वेवर उदगीर, कमालनगर, भालकी झालं की बीदर येतं. उदगीरहून गाडीनं दीड-दोन तास. देगलूरकडच्या बायांना औराद मार्गे जाता येतं. एवढंच काय, उदगीर, अहमदपूर आणि निलंगा हे तालुके 1956 पर्यंत बीदर जिल्ह्यातच होते. त्या वर्षी भाषेप्रमाणे राज्यं झाली, हे तीन तालुके इकडे आले आणि बीदर तिकडे राहिलं. आपला लातूर जिल्हा तर 1982 सालचा. म्हणजे आपल्या आजेसासूच्या वेळी जमिनीचा दावा असला की जिल्ह्याचं ठिकाण म्हणजे बीदर. तिथं कानडी, मराठी, उर्दू, तेलुगू अशा चारही बोली आजही कानावर पडतात, आपली मराठी चालते.

बचत गटांच्या सहली तुळजापूरला जातात, माहूरला जातात, पंढरपूरला जातात. एक दिवस बीदरला जावं असं मी सुचवते. तिथं देवदर्शनही आहे, पण मी तुम्हाला नेणार आहे राजधानी बघायला. राजधानी म्हणजे नुसते महाल नाहीत. राजधानी कशावर जगते? पाण्यावर, खेड्यातून येणाऱ्या धान्यावर, शिक्क्याच्या कागदावर आणि कारागिरांच्या हातांवर. या चार गोष्टी मनात धरून चाललं तर दगडसुद्धा बोलायला लागतात.

सकाळ: किल्ला

सकाळी नवाच्या सुमारास पोचलो तर ऊन चढायच्या आत किल्ला बघून होतो. आधी हे राज्य कोणाचं ते सांगते. 1347 साली दौलताबादेत बहमनी राज्य सुरू झालं. त्यांची राजधानी होती गुलबर्गा. 1422 साली अहमदशाह गादीवर आला आणि त्यानं काही वर्षांत राजधानी बीदरला हलवली. का हलवली? गाईड तुम्हाला हमखास एक गोष्ट सांगेल. राजा शिकारीला आला, एक साधा कोल्हा शिकारी कुत्र्यांवरच उलटला, राजाला वाटलं इथल्या मातीतच शौर्य आहे. गोष्ट ऐका, पण तशीच गोष्ट अहमदाबादलाही सांगतात, तिथं कोल्ह्याऐवजी ससा असतो. खरी कारणं पायाखाली बघा. बीदर उंच पठारावर आहे, जमीन लाल जांभ्याची आहे, कडेला कातळ तुटलेला आहे म्हणून शत्रूला चढणं अवघड. हवा चांगली. मराठी, कानडी आणि तेलुगू मुलूख तिन्ही बाजूंना जवळ. आणि सगळ्यात मोठं म्हणजे पाण्याचे झरे.

किल्ल्यात शिरताना खंदक बघा. तो एक नाही, एकाला लागून एक असा तिहेरी आहे आणि सगळा कातळात खोदून काढलेला आहे. यंत्र नव्हतं, सुरुंगाची आजच्यासारखी सोय नव्हती. छिन्नी, हातोडा आणि डोक्यावरची पाटी. बादशहाचं नाव दरवाजावर लिहिलेलं असतं, पाटी वाहणाऱ्या बाईचं नसतं. आपण रोजगार हमीवर खडी फोडलेली माणसं आहोत, आपल्याला हा खंदक बघून त्यातली मेहनत कळते.

शरझा दरवाजावर दोन वाघ-सिंहांसारखी जनावरं कोरलेली आहेत. पुढं रंगीन महाल. तिथं काळ्या दगडात शिंपल्याचे चमकते तुकडे बसवून वेलबुट्टी केली आहे आणि लाकडी खांबांवर बारीक कोरीव काम आहे. हे काम पुढच्या काळातल्या अली बरीदशाहाचं. बाजूला सोळा खांब मशीद. मशिदीला खांब पुष्कळ आहेत, पण मधले सोळा डोळ्यांत भरतात म्हणून हे नाव. जनानखान्याजवळ असल्यामुळे तिला जनानी मशीद असंही म्हणतात. पलीकडे तर्कश महाल, गगन महाल, तख्त महाल. जुन्या शाही हमामखान्यात आता वस्तुसंग्रहालय आहे.

राज्य चालवणारी आई

या जनानखान्याच्या भिंतींपाशी थांबून एका बाईचं नाव घ्यायला हवं. 1461 साली हुमायून नावाचा बहमनी सुलतान मेला. तो इतका क्रूर होता की लोकांनी त्याला जालीम हे नाव ठेवलं. मागं राहिली त्याची राणी आणि लहान मुलं. राणीचं नाव नर्गिस बेगम, दरबारात तिला मखदूमा-ए-जहान म्हणत. थोरला मुलगा निजामशाह आठ वर्षांचा, त्याला गादीवर बसवलं. कारभार बघायला तिघं होते: स्वतः राणी, ख्वाजा जहान आणि महमूद गावान. राणी पडद्याआड बसायची, विश्वासातल्या दासीच्या तोंडून निरोप जायचा, आणि त्यावर दरबार चालायचा.

आठ वर्षांचा राजा आणि बाईचा कारभार बघून शेजाऱ्यांना जोर चढला. 1462 साली माळव्याचा सुलतान महमूद खिलजी चालून आला. लढाईत बहमनी फौज हरली. राणीनं मुलाला घेऊन भीमेकाठच्या फिरोजाबादेला मुक्काम हलवला. बीदर शहर शत्रूच्या हाती पडलं, पण किल्ला लढत राहिला. राणीनं आणि गावाननं गुजरातच्या महमूद बेगड्याकडे मदत मागितली. गुजरातची फौज निघाली तसा माळव्याचा सुलतान मागं फिरला. पुढच्याच वर्षी हा पोरगा राजा वारला, धाकट्या महंमदला गादीवर बसवलं आणि राणी त्याच्याही मागं उभी राहिली.

किल्ला पाहून आलेल्या बाईला विचारलं तर ती रंगीन महाल सांगेल, तोफ सांगेल. या राणीचं नाव क्वचितच कोणी सांगतं. आपण गेलो की गाईडला मुद्दाम विचारायचं, मखदूमा-ए-जहान कुठं राहत होती?

दुपार: झरा आणि लंगर

जेवायला गुरुद्वारा नानक झिरा. नांदेडच्या बायांना लंगर नवा नाही. गुरू नानकदेव फिरत फिरत इथं आले, पाणी खारट होतं, त्यांनी दगड सरकवला आणि गोड्या पाण्याचा झरा फुटला अशी श्रद्धा आहे. तो झरा आजही वाहतो. गुरू गोविंदसिंहांच्या पंजप्याऱ्यांपैकी भाई साहिबसिंह मूळचे बीदरचे, न्हावी समाजातले.

इथंच आणखी एका बाईची आठवण काढू. माई भागो. पंजाबात मुक्तसरला 1705 साली लढाई झाली. रण सोडून आलेल्या शिखांना तिनं परत फिरवलं आणि स्वतः हत्यार घेऊन लढली. पुढं ती गुरू गोविंदसिंहांबरोबर नांदेडला आली. 1708 साली गुरू नांदेडला गेले, त्यानंतर ती बीदरजवळ जनवाड्याला येऊन राहिली आणि तिथंच तिचा शेवट झाला. नांदेडच्या हुजूर साहिबमध्येही तिच्या नावाची जागा आहे. वेळ असला तर जनवाडा बघता येईल.

आता पाण्याचं सांगते. बीदरच्या पठाराखाली करेज आहे. करेज म्हणजे जमिनीखालचं पाण्याचं भुयार. उंचावरच्या बाजूला जिथं झऱ्याचं पाणी सापडतं तिथं एक खोल विहीर घ्यायची. तिथून शहराकडे जमिनीखालून बोगदा खणायचा, त्याला अगदी हलका उतार द्यायचा. थोड्या थोड्या अंतरावर वरून विहिरीसारखी तोंडं ठेवायची. त्यातून खणलेली माती काढता येते, हवा जाते, माणूस उतरून गाळ काढू शकतो आणि लोकांना पाणीही शेंदता येतं. पाणी आपल्या वजनानं वाहत येतं. मोट नको, मोटर नको. उन्हानं पाणी आटत नाही, कारण ते सावलीतच असतं. ही विद्या इराणातून आली. तिकडूनच आलेल्या जाणकारांनी आणि इथल्या खणणाऱ्यांनी मिळून ती इथं उभी केली. छत्रपती संभाजीनगरला मलिक अंबरची नहर आहे, तीही याच जातकुळीची.

बीदरला लागून असलेल्या नौबादचं करेज सुमारे 3 किलोमीटर लांब आहे, त्याला 21 तोंडं आहेत. मधल्या काळात ते बुजलं होतं. तोंडांत कचरा पडला, वरून घरं झाली, रस्ते झाले. गेल्या काही वर्षांत त्यातला गाळ काढायचं काम झालं आणि जगभरच्या जुन्या वास्तूंसाठी काम करणाऱ्या संस्थेनं 2020 साली दख्खनच्या जुन्या पाणीव्यवस्थांचं नाव आपल्या यादीत घेतलं.

हे आपल्यालाच का सांगायचं? 2016 सालचा एप्रिल आठवा. लातूरला मिरजेहून रेल्वेनं पाणी आणावं लागलं. पहिल्या गाडीला दहा डबे होते, पाच लाख लिटर पाणी. मांजरा धरण कोरडं पडलं होतं. आणि ही मांजरा आपल्या लातूरातून वाहत, बीदर जिल्ह्यातून वळसा घालत पुढं नांदेड जिल्ह्याच्या कडेनं गोदावरीला मिळते. एकच नदी, एकच पठार. सहाशे वर्षांपूर्वी या पठारावरच्या लोकांनी पाणी खाली कुठं मुरतं, ते कसं सांभाळायचं याचा हिशोब केला होता. आपण बोअरला बोअर मारत हजार फुटांपर्यंत गेलो. करेज चालायचं तर वरच्या बाजूचं रान मोकळं हवं, पाणी मुरायला जागा हवी आणि दरवर्षी गाळ काढायला माणसं हवीत. गाळ काढणं थांबलं की करेज मेलं. आपल्या गावच्या आडाचं आणि बारवेचंही तेच झालंय, एकदा जाऊन बघा.

तिसरा प्रहर: मदरसा आणि कोरा कागद

जेवून शहरात आलं की महमूद गावानचा मदरसा. 1472 साली तो बांधून झाला. तीन मजली विद्यापीठच म्हणा ना. शिकवणारे आणि शिकणारे तिथंच राहायचे, राहण्या-जेवणाची सोय फुकट, हजारो हस्तलिखित पुस्तकांचा संग्रह. भिंतींवर निळ्या, पांढऱ्या, पिवळ्या चमकदार फरशा होत्या, त्यातल्या काही अजून शिल्लक आहेत. पुढच्या बाजूला दोन मिनार होते, आता एकच उभा आहे. औरंगजेबानं बीदर घेतल्यावर या इमारतीत दारूगोळा ठेवू लागले आणि 1696 साली स्फोट होऊन अर्धी इमारत उडाली. पुस्तकांच्या घरात दारू भरली की काय होतं ते तिथं उभं राहून बघता येतं.

गावान मूळचा इराणमधल्या गिलानचा. व्यापारी म्हणून दाभोळच्या बंदरात उतरला आणि बीदरला येऊन वाढत वाढत राज्याचा मुख्य वजीर झाला. त्याचं एक काम आपल्याशी थेट संबंधाचं आहे. त्यानं जमिनीची मोजणी करवली, गावांच्या शिवा ठरवल्या आणि सारा किती घ्यायचा याची चौकशी लावली. राज्याचे आधी चार सुभे होते, त्यांचे त्यानं आठ केले, म्हणजे एकेका सुभेदाराच्या हाती फार ताकद राहू नये. वऱ्हाडच्या सुभ्याचे दोन झाले, त्यातलं एक ठाणं आपलं माहूर. सुभेदारांचे किल्ले कमी केले, सैन्याचा हिशोब मागितला.

हिशोब मागणारा माणूस कोणाला आवडतो? त्यात दरबारात दोन तट होते. एक इथल्या दखनी सरदारांचा, एक बाहेरून आलेल्यांचा. विरोधकांनी डाव रचला. गावानचा शिक्का सांभाळणारा नोकर गाठला, त्याला दारू पाजली आणि एका कोऱ्या कागदावर गावानचा शिक्का उमटवून घेतला. मग त्या कागदावर मजकूर लिहिला की ओरिसाच्या राजा, तू चालून ये, मी आतून साथ देतो. कागद सुलतानाला दाखवला. महंमदशाहानं दारूच्या नशेत गावानला बोलावलं. शिक्का माझा आहे, अक्षर माझं नाही, असं गावान म्हणाला. कोणी ऐकलं नाही. 5 एप्रिल 1481 रोजी त्याचं डोकं उडवलं. वय सत्तरीच्या पुढचं. नंतर त्याची संपत्ती जप्त करायला गेले तर घरात काही सापडलं नाही. तो साध्या चटईवर निजायचा आणि मातीच्या भांड्यात जेवायचा, असं फिरिश्ता या जुन्या इतिहासकारानं लिहून ठेवलंय. सुलतानाला पुढं खरं कळलं, पण वर्षभरात तोही गेला. आणि राज्याचे तुकडे पडत गेले: विजापूर, अहमदनगर, गोवळकोंडा, वऱ्हाड आणि बीदर. बीदरच्या वाट्याला आलेल्या बरीदशाहांकडे आपले औसा, कंधार आणि उदगीर हे किल्ले होते. 1619 साली विजापूरनं त्यांचंही राज्य संपवलं.

मैत्रिणींनो, एवढं मोठं राज्य, आणि त्याची खीळ निघाली एका कोऱ्या कागदावरच्या शिक्क्यानं. दामाजीपंतांच्या गोष्टीत पावतीनं माणूस वाचतो, गावानच्या इतिहासात शिक्क्यानं माणूस मरतो. आपल्या गटात काय चालतं? कर्जाचा फॉर्म कोरा असतो, सही आधी घेतात आणि आकडा मागून भरतात. कोणी सांगतं, अंगठा द्या ताई, बाकी मी लिहून घेतो. गटाचा शिक्का कोणाच्या तरी घरी दिवळीत पडलेला असतो. गावानसारखा शिकलेला वजीरसुद्धा आपला शिक्का वाचवू शकला नाही. म्हणून शिक्का कुलपात, किल्ली दुसरीकडे, आणि मजकूर वाचून झाल्याशिवाय सही नाही. हा ठराव पुढच्या बैठकीत घ्यायला बीदरला जायचीही गरज नाही.

मदरशाजवळ चौबारा आहे, शहराच्या मधोमध उभा गोल टेहळणी बुरूज. तिथल्या गल्ल्यांत बिदरी कामाची दुकानं आहेत. जस्तात थोडं तांबं मिसळून भांडं ओततात, घासून गुळगुळीत करतात, त्यावर छिन्नीनं नक्षी कोरतात आणि त्या खाचेत चांदीची तार ठोकून बसवतात. शेवटी किल्ल्यातली जुनी माती आणि नवसागर पाण्यात उकळून त्यात भांडं धरतात. धातू काळाकुट्ट होतो आणि चांदी तशीच पांढरी राहते. ज्या मातीला वर्षानुवर्षं ऊन-पाऊस लागलेला नाही, तीच माती लागते. कारागीर ती जिभेवर ठेवून ओळखतात. या कामासाठी बीदरच्या शाह रशीद अहमद कादरी यांना 2023 साली पद्मश्री मिळाली. दुकानात भाव करताना आधी कारागिराला काम करताना बघा, मग भाव बोला. सुलतान गेले, वजीर गेले, पण राजधानीतलं आजही पोटाला भाकर देणारं काही उरलं असेल तर ते या हातांतलं काम.

सांज: अष्टूर

उतरत्या उन्हात अष्टूरला जायचं, शहराबाहेर थोड्या अंतरावर. तिथं बहमनी सुलतानांची थडगी ओळीनं आहेत. पहिलं अहमदशाहाचं. आत घुमटाला लाल, निळ्या, सोनेरी रंगांची नक्षी आहे. लोक त्याला वली, म्हणजे संत मानतात. त्याच्या उरुसाला हिंदू-मुसलमान दोघंही येतात आणि त्यात लिंगायत जंगमांचा मान असतो. पुढं जालीम हुमायूनचं थडगं, त्याचा घुमट फुटून अर्धा कोसळलेला. लोक म्हणतात वीज पडली. जवळच मलिका-ए-जहान या नावानं ओळखली जाणारी कबरही आहे. शेवटच्या शेवटच्या सुलतानांची थडगी लहान लहान होत गेलेली दिसतात. राज्य कसं उतरणीला लागलं हे वाचता न येणाऱ्या बाईलाही तिथं दिसतं.

या राजधानीचा एक साक्षीदार परदेशी होता. अफनासी निकितीन नावाचा रशियन व्यापारी गावानच्या काळात चौल, जुन्नर करत बीदरला आला होता, घोडा विकायला. त्यानं लिहून ठेवलं की इथले सरदार फार श्रीमंत आहेत, चांदीच्या पालख्यांतून मिरवतात, आणि खेड्यातले लोक फार गरीब आहेत. दामाजीपंतांनी उघडलेलं कोठार ज्यांच्या धान्यानं भरलं होतं, तीच ही माणसं. कीर्तनकारानं आणि परदेशी व्यापाऱ्यानं एकाच राजधानीबद्दल सांगितलंय, आणि दोघांचं सांगणं जुळतं.

परतताना उदगीरच्या रस्त्याला बरीदशाहांची थडगी लागतात, बागेत आहेत, पाय मोकळे करायला बरी जागा. गाडीत बसल्यावर भेंड्या खेळाच, पण आधी एक काम करा. प्रत्येकीनं एक प्रश्न सांगायचा, जो गाईडला विचारायचा राहून गेला. पाणी कोण शेंदायचं? खंदक खणणाऱ्यांना मजुरी मिळायची का? कान्होपात्रेसारख्या किती जणी इथं आणल्या गेल्या आणि ज्यांची गोष्ट कोणी सांगितली नाही? ते प्रश्न वहीत लिहा आणि आपल्या केंद्रावर पाठवा. पुढच्या भागात आपण कंधारच्या किल्ल्यावर जाऊ, तेव्हा तिथं हेच प्रश्न घेऊन जाऊ.